एका हातगाडीवरील एकेचाळीस कारवाया

धैर्यशील रेडकर यांचा तिसरा चित्रपट लखनौच्या एका चित्रगृहात शुक्रवारी दुपारी लागला आणि शनिवारी सकाळी उतरला. मधल्या काळात तो अकरा जणांनी पाहिला. त्यांपैकी चौघे नात्यातले होते आणि एक जण तिथले वातानुकूलन यंत्र दुरुस्त करायला आला होता; काम संपल्यावर तोही गेला.

रेडकर हाणामारी आणि विनोद यांचे मिश्रण असलेले चित्रपट काढत. पहिल्या चित्रपटात त्यांच्या नायकाने जिलेबी तळायच्या झाऱ्याने चौदा गुंडांना लोळवले होते. तो बऱ्यापैकी चालला. अजूनही एखाद्या वाहिनीवर, लोक जेवून पेंगत असताना, तो दाखवला जाई. दुसऱ्या चित्रपटाबद्दल एका समीक्षकाने लिहिले की त्यातली हाणामारी पाहून हसू येते आणि विनोद ऐकून भीती वाटते. रेडकरांनी ते कात्रण जपून ठेवले. समीक्षकाने क्रम चुकवला असला तरी दोन्ही गोष्टी त्याला जाणवल्या होत्या, याचे त्यांना समाधान होते.

तिसऱ्या चित्रपटानंतर मुंबईत कोणी त्यांचा फोन उचलेना, तेव्हा ते लखनौच्या जानकीपुरम भागात घरी येऊन राहिले. घर पत्नीमुळे होते. विभा तिथल्या औषध संशोधन संस्थेत शास्त्रज्ञ होत्या. मूळच्या साताऱ्याच्या, पण अठरा वर्षांत लखनौच्या होऊन गेलेल्या. मुलगी देवयानी अकरावीत होती. तिला मराठी सगळे कळे, पण उत्तर ती हिंदीत देई. दोन वर्षे रेडकर बाल्कनीत बसून पटकथा लिहीत राहिले. कॉलनीत असा समज होता की ते बँकेतून स्वेच्छानिवृत्ती घेतलेले गृहस्थ आहेत. विभांनी तो समज दूर केला नाही.

त्याच सुमारास नागरी सुव्यवस्था प्राधिकरणापुढे एक गंभीर प्रश्न उभा राहिला. रस्त्यांवरची अतिक्रमणे हटवणे हे प्राधिकरणाचे काम, आणि ते काम नियमित चालू होते. परंतु अलीकडे ज्याच्यावर कारवाई होई तो, त्याचे शेजारी आणि रस्त्याने जाणारे असे सगळेच फोन काढून चित्रण करू लागले होते. त्यात पथकाचे कर्मचारी फार वाईट दिसत. एका चित्रफितीत एक निरीक्षक जप्त केलेला पेरू खाताना दिसला, आणि पेरू उत्तम असल्याचे त्याच्या चेहऱ्यावरून स्पष्ट कळत होते. वरिष्ठांची नाराजी मजल्यामजल्याने खाली उतरत हजरतगंजच्या कार्यालयात उपसंचालक नरेंद्र सक्सेना यांच्या टेबलावर येऊन थांबली. बैठक झाली. यापुढे कारवाईचे चित्रण प्राधिकरण स्वतः करील आणि लोकांच्या आधी प्रसारित करील, असे ठरले.

त्यासाठी काढलेल्या जाहिरातीत ‘ॲक्शनचा अनुभव असलेला दिग्दर्शक’ एवढेच म्हणायचे होते, कारण प्राधिकरणाच्या भाषेत कारवाईला ॲक्शन म्हणतात. परंतु मसुदा टाइप करणाऱ्या कारकुनाला इंटरनेटवर ‘ॲक्शन-कॉमेडी’ असा जोडशब्द सापडला, तो त्याने भारदस्त वाटला म्हणून घातला, आणि जाहिरात मंजूर झाली. चूक लक्षात आली तेव्हा असे निदर्शनास आले की मंजूर मजकुरातला शब्द वगळायचा तर पुन्हा बैठक बोलवावी लागेल. त्यापेक्षा कॉमेडी ठेवणे सोपे होते.

अर्ज एकच आला.

सक्सेना अत्यंत सभ्य गृहस्थ होते. कोणालाही नकार देण्याआधी ते त्याच्या आईच्या प्रकृतीची चौकशी करत. त्यांनी रेडकरांना चहा पाजून परिस्थिती समजावून सांगितली. कारवाई पाहून जनता घाबरली पाहिजे, पण रागावता कामा नये. शिवाय करारात विनोद आहे. उद्या तपासणी झाली आणि कोणी विचारले की विनोद कुठे आहे, तर दाखवता आला पाहिजे. म्हणून प्रत्येक कारवाईत किमान एक विनोद बंधनकारक राहील.

रेडकरांना गहिवरून आले. वीस वर्षे निर्माते त्यांना सांगत आले होते की दोहोंपैकी काहीतरी एक ठेवा. दोन्ही हवे आहे असे लेखी सांगणारा माणूस त्यांना पहिल्यांदाच भेटत होता. त्यांची ‘दृश्य सल्लागार (कारवाई)’ या पदावर नेमणूक झाली, आणि त्यांना ओळखपत्र, टोपी व क्रमांक टाकलेली एक घडीची खुर्ची मिळाली.

पहिल्या कारवाईसाठी अलीगंजमधला एक कोपरा निवडण्यात आला. तिथे दीनानाथ कश्यप नावाचे साठीच्या घरातले गृहस्थ सव्वीस वर्षे मटर विकत होते. मटर म्हणजे उकडलेले पांढरे वाटाणे. मोठ्या तव्यावर परतून, चिंचेचे पाणी आणि मसाला घालून ते पानाच्या द्रोणात देत, वर आल्याचे बारीक काप. विभा शनिवारी संस्थेतून परतताना वाट वाकडी करून तिथे स्कूटर थांबवत. हे रेडकरांना तेव्हा ठाऊक नव्हते.

पथक आले, आठ जणांनी हातगाडी उचलली आणि रेडकरांनी कॅमेरा सुरू केला. दीनानाथ ओरडले नाहीत. समोर एक बाई रिकामा द्रोण धरून उभ्या होत्या. दीनानाथांनी निरीक्षकाला हात जोडून विनंती केली की बाईंना शब्द दिला आहे, तेवढा एक द्रोण भरू द्यावा. निरीक्षक गोंधळला, पण गाडी उचलणारे थांबले नाहीत. मग दीनानाथ वर जाणाऱ्या गाडीबरोबर चालू लागले. तव्यावरून मटर काढले, टाचा उंचावून मसाला घेतला, आणि गाडी ट्रकमध्ये ठेवली जात असताना शेवटची उडी मारून आल्याचे काप घेतले. द्रोण बाईंच्या हातात देऊन त्यांनी विचारले, “तिखट बेताचं आहे ना?” एवढ्यात ट्रक निघून गेला.

जमलेले लोक हसले. रेडकरही हसले, आणि डोळे पुसताना त्यांना जाणवले की आपल्याला आयुष्यभर जे साधले नाही ते या माणसाने एका द्रोणात साधले. ती चित्रफीत दोन दिवसांत अठरा लाख लोकांनी पाहिली. प्राधिकरणाबद्दल प्रथमच लोकांनी चांगले लिहिले.

तिसऱ्या दिवशी वरून शेरा आला. चित्रफितीत मागे एक अभिनंदनाचा फलक दिसत होता आणि त्यावरील आदरणीय व्यक्तीचे कपाळ चौकटीबाहेर गेले होते. चित्रण पुन्हा करावे. आता पुन्हा करायचे तर गाडी दीनानाथांकडे असणे आवश्यक होते. जप्त गाडी परत देण्याची तरतूद होती, परंतु ती पुन्हा जप्त करण्यासाठी देण्याची नव्हती. सक्सेनांनी नवीन नमुना तयार करून घेतला: ‘चित्रीकरणास्तव तात्पुरती मुक्तता.’ दीनानाथांनी त्यावर सही केली, गाडी धुतली, वाटाणे भिजत घातले, आणि दुसऱ्या दिवशी पथकाने ती पुन्हा उचलली. या वेळी कपाळ आले, पण ऊन कमी पडले. तिसऱ्या वेळी सगळे जमले, आणि दीनानाथांनी चिंचेचे भांडे डोक्यावर तोलून धरण्याची स्वतःचीच एक भर घातली. ती चित्रफीत तीस लाखांवर गेली.

यानंतर इतरत्रही कारवाया करून पाहण्यात आल्या. एका मोठ्या दुकानाने आपला जिना सरळ पदपथावर उतरवला होता. तो तोडला, तेव्हा मालक वकिलासह आला आणि सगळे दीड तास कागद वाचत उभे राहिले. ते दोनशे बारा लोकांनी पाहिले. सक्सेनांनी टिपणी लिहिली की सदर कारवाईत विनोद आढळत नसल्याने ती करारात बसत नाही, शिवाय जनतेलाही तीत रस नाही. जनतेला नको असलेली कारवाई जनहिताची कशी म्हणता येईल? जिना पुन्हा बांधला गेला. एका विवाह सभागृहाचे, दोन शोरूमचे आणि एका माजी नगरसेवकाच्या गॅरेजचे प्रकरण याच कारणाने बंद झाले. उरले दीनानाथ.

त्या तिमाहीच्या अहवालात एकूण छत्तीस अतिक्रमणे हटवल्याची नोंद झाली. छत्तीसही वेळा गाडी एकच होती. पण रकाना ‘कारवाया’ असा होता, ‘गाड्या’ असा नव्हता. प्राधिकरणाला ढाल मिळाली. समारंभात रेडकरांना शाल देण्यात आली आणि निवेदकाने त्यांचा उल्लेख ‘वास्तवाला विनोदाची जोड देणारे’ असा केला. घरी येऊन त्यांनी शाल विभांना दाखवली.

विभांनी शाल पाहिली. मग म्हणाल्या, “मी शनिवारी तिकडे मटर खायला जायचे. आता जागाच मिळत नाही. सगळे फोन धरून उभे असतात, खात कोणीच नाही. तू त्यांना कधी विचारलंस का, त्यांचं काय चाललंय ते?”

रेडकरांनी सांगितले की त्यांची प्रत्येक वेळी सही घेतली जाते.

“सही नाही म्हणत मी.”

देवयानी फोनमधून डोके न काढता म्हणाली, “पापा, मेरे स्कूल में सबको वो नौवाँ वाला पसंद है, जिसमें अंकल रोते हैं.”

दुसऱ्या दिवशी दुपारी रेडकर खुर्ची न घेता अलीगंजला गेले. दीनानाथांनी गाडीखालचे स्टूल ओढून त्यांना बसवले आणि न विचारता द्रोण भरला. मटर खरोखरच अप्रतिम होते. छत्तीस वेळा ते कॅमेऱ्यातून पाहून चव एकदाही घेतली नाही, हे रेडकरांच्या लक्षात आले आणि त्यांना अवघडल्यासारखे झाले.

दीनानाथांनी तक्रार केली नाही. त्यांनी फक्त माहिती दिली, तीही लखनौच्या त्या हिंदीत, ज्यात गाऱ्हाणेसुद्धा आमंत्रणासारखे ऐकू येते. विक्री जवळजवळ बंद होती. लोक लांबून येत, फोटो काढत आणि ‘चाचा, नवव्यात रडला होतात तसं थोडं रडून दाखवा’ म्हणत. दुसऱ्या कोपऱ्यावर जायचा विचार त्यांनी केला होता. पण निरीक्षकाने सांगितले की पार्श्वभूमी बदलली तर सलगता राहणार नाही. उजव्या खांद्यातून कळ येत होती, कारण तेविसाव्या कारवाईपासून गाडी थोडी जास्त उंच उचलतात. नवव्यात आपण रडलो नव्हतो, कांद्याने डोळ्यांत पाणी आले होते, हेही त्यांनी सांगितले.

मग फडक्याने तवा पुसत ते म्हणाले, “साहेब, आपला तो झाऱ्याचा सिनेमा मी टीव्हीवर पाहिलाय. त्यात पहिला अर्धा वेळ गरीब माणूस मार खातो आणि नंतर मारतो. ह्यात माझी पाळी कितव्या भागात आहे?”

तशी तरतूद नाही, हे वाक्य रेडकरांच्या ओठांवर आले. अलीकडे ते त्यांच्या ओठांवर वरचेवर येई. या वेळी मात्र त्यांनी ते गिळले.

तीन कारवाया रिवाजाप्रमाणे झाल्या. चाळिसाव्या वेळी रेडकरांनी कार्यालयाला न विचारता पटकथा बदलली. पथक आले, आठ जणांनी गाडीला हात घातला, आणि दीनानाथांनी निरीक्षकापुढे द्रोण धरला. ठरल्याप्रमाणे निरीक्षकाने एक घास खाल्ला, विचार केला आणि गाडी खाली ठेवण्याची खूण केली. आठ जण रांगेत उभे राहून मटर खाऊ लागले. दीनानाथांनी झारा उंच धरला आणि कोणालाही न मारता, नायकासारखे, कॅमेऱ्याकडे पाहिले. त्या क्षणी ते फार देखणे दिसले. निरीक्षकाने दुसरा द्रोण मागितला, तो पटकथेत नव्हता. रेडकरांना वाटले, आपण आयुष्यात एवढे एक दृश्य नीट घेतले.

ते तीनशे चाळीस लोकांनी पाहिले. खाली प्रतिक्रिया होत्या: मजा नाही आली. आधीचं बरं होतं. म्हाताऱ्याची गाडी उचला. प्राधिकरण विकलं गेलं काय?

सक्सेनांनी रेडकरांच्या आईच्या प्रकृतीची चौकशी केली. त्या वारून सात वर्षे झाली होती, याबद्दल त्यांनी खेद व्यक्त केला, आणि मग प्रतिक्रियांची छापील प्रत पुढे सरकवली. ते रागावले नव्हते. त्यांचे म्हणणे एवढेच होते की लोकशाहीत तुमच्या-माझ्या आवडीला काय किंमत आहे? जनतेची मागणी स्पष्ट आहे. चाळिसाव्याने जे नुकसान झाले ते भरून काढायचे तर ॲक्शनचे प्रमाण वाढवावे लागेल. क्रेन मागवली आहे. गाडी क्रेनने उचलली जाईल, दीनानाथ आपल्या सवयीप्रमाणे तिला धरून राहतील, आणि दहा फुटांवर त्यांना उतरवून घेतले जाईल. रेडकरांना हे करायचे नसेल तर गोमतीनगरला एक तरुण आहे, तो लग्नाच्या चित्रफिती फार सुंदर करतो.

रेडकर रात्रभर नव्हे, पण बराच वेळ विचार करत बसले. आपण सोडले तर तो तरुण येईल आणि त्याला पडण्यातले काही कळत नसेल. आपण असलो तर निदान काळजी तरी घेऊ. चुकीच्या कामावर टिकून राहणाऱ्या सगळ्यांना जे कारण सापडते तेच त्यांनाही सापडले, आणि त्यांना ते स्वतःचे वाटले. त्यांनी एकच अट घातली: खाली जाड गादी हवी. दीनानाथांना त्यांनी सगळे समजावून सांगितले. दीनानाथांनी विचारले की गादी कुठे असेल. रेडकरांनी खडूने जागा आखून दाखवली.

गादी वेळेवर मंजूर झाली, हे प्राधिकरणाच्या बाजूने नमूद केले पाहिजे. सकाळी नऊला ती खडूच्या चौकटीत, पदपथावर अंथरण्यात आली. साडेनऊला पथकाची दुसरी तुकडी नित्याच्या फेरीवर आली. पदपथावर गादी टाकणे हे अतिक्रमण असल्याने तिने पंचनामा करून ती जप्त केली.

दहा वाजता चित्रीकरण सुरू झाले तेव्हा दोन हजार लोक जमले होते. क्रेनने गाडी उचलली. दीनानाथ एका हाताने तिला धरून लोंबकळत वर गेले, आणि दुसऱ्या हातातल्या झाऱ्यातले मटर सांडू नयेत म्हणून तो हात आडवा ताणून धरला. लोक पोट धरून हसत होते. रेडकर कॅमेऱ्यात पाहत होते आणि तेही हसत होते. तेवढ्यात चौकटीच्या खालच्या कडेला त्यांना खडूचा चौकोन दिसला. तो रिकामा होता.

त्यांनी ‘कट’ म्हटले. त्यांचा कॅमेरा थांबला. दोन हजार फोन थांबले नाहीत. ते त्यांच्या हाताखाली नव्हते. दीनानाथांचा उजवा खांदा आधीच दुखावलेला होता. ते पडले तेव्हा झारा त्यांच्या हातातच होता.

कंबरेचे हाड मोडले. हॉस्पिटलात विभा रेडकरांच्या आधी पोहोचल्या होत्या आणि फॉर्म भरत होत्या. वॉर्डमध्ये दीनानाथ छताकडे पाहत पडले होते. रेडकर पलंगापाशी उभे राहिले आणि म्हणाले की चूक माझी आहे. दीनानाथांनी मान वळवून त्यांना बसायला स्टूल दाखवले. एवढ्यात शेजारच्या पलंगाचे नातेवाईक फोन घेऊन आले आणि चाचांना जरा इकडे बघायला सांगू लागले. विभांनी पडदा ओढला.

ती चित्रफीत दोन कोटी दहा लाख लोकांनी पाहिली. प्राधिकरणाने ती प्रसारित केलीच नव्हती. ती लोकांनी लोकांना पाठवली.

चौकशी समिती नेमली गेली आणि तिने कोणालाही पाठीशी न घालता काम केले. क्रेनचालकाने पटकथेप्रमाणे क्रेन चालवली होती. दुसऱ्या तुकडीने नियमाप्रमाणे गादी उचलली होती. रेडकरांनी दोष आपला असल्याचे लेखी दिले, परंतु त्यांनी तर वेळेवर ‘कट’ म्हटल्याचे ध्वनिमुद्रणात ऐकू येत असल्याने ते मान्य करता आले नाही. सक्सेनांनी जनतेच्या मागणीची छापील प्रत सादर केली. अखेर समिती या निष्कर्षाला आली की घटनेस बघणारे जबाबदार आहेत. तथापि दोष दोन कोटी दहा लाख जणांत विभागला असता प्रत्येकाच्या वाट्याला इतका अल्प येतो की त्यावर नोटीस बजावणे व्यवहार्य नाही.

तरीही पारदर्शकतेसाठी समितीने एक नमुना जारी केला. या प्रकरणाशी ज्याचा ज्याचा संबंध आला त्याने आपल्याला हसू नेमके कोणत्या क्षणापर्यंत येत होते, ते त्यात लिहून द्यायचे आहे. त्यात तीन वर्ग आहेत: प्रत्यक्ष पाहणारे, फोनवर पाहणारे आणि केवळ ऐकून वा वाचून माहिती झालेले. रेडकरांनी नोकरी सोडल्याच्या दिवशीच आपला अर्ज भरून दिला. हसू खडूचा चौकोन दिसेपर्यंत येत होते, असे त्यांनी लिहिले. मग ते खोडले आणि त्यानंतरही एक क्षण, असे लिहिले. विभांनी काहीच पाहिले नव्हते, तर त्यांना न पाहण्याचे कारण विचारण्यात आले. देवयानीने तिचा अर्ज मराठीत भरला, आणि तो वडिलांना वाचू दिला नाही.

पहिल्या वर्गातून सहा अर्ज आले, दुसऱ्यातून चव्वेचाळीस. तिसऱ्या वर्गातून अद्याप एकही आलेला नाही. त्या वर्गातल्या प्रत्येकाचे म्हणणे आहे की आपण तर तिथे नव्हतोच, आणि हसू आले असेलच तर ते थोडेसे, तेही अगदी सुरुवातीला, जेव्हा कोणालाही काही लागलेले नव्हते. समितीने हे म्हणणे नोंदवून घेतले आहे आणि या वर्गासाठी अर्जाची मुदत हे पान संपेपर्यंत वाढवली आहे.